अक्षरांची अमानत

आग्र्याला जाणारा प्रत्येक प्रवासी ताजमहाल पाहतो. दुरून तो पांढरा घुमट पाहतो, चार कोपऱ्यांवरचे मनोरे पाहतो, पुढच्या पाण्यात पडलेले इमारतीचे प्रतिबिंब पाहतो. जवळ गेल्यावर भिंतींवरची रंगीत दगडांची फुले पाहतो आणि थक्क होऊन परत फिरतो. पण त्या उंच कमानींच्या भोवती काळ्या अक्षरांची एक रुंद पट्टी आहे. तिच्याकडे फार थोड्या लोकांचे लक्ष जाते. ज्यांना ती लिपी वाचता येते ते मात्र तिथेच थबकतात. कारण ती नुसती नक्षी नाही, ती पवित्र कुराणातील वचने आहेत. दगडाचे छोटे छोटे तुकडे कापून ती बसवली आहेत. तरी पाहणाऱ्याला वाटते, की कोणीतरी आताच संगमरवरावरून बोरू फिरवला असावा.

मुलांनो, तुम्हांला ही अक्षरे परकी नाहीत. रोज उर्दू लिहिताना तुम्ही अलिफ, लाम, मीम लिहिताच. म्हणून ताजमहालावरची अक्षरे ज्यांच्या हातून उतरली, त्या माणसाची ओळख तुम्हांला असायला हवी.

ताजमहाल बांधण्यासाठी हजारो माणसे राबली. पाथरवट, गवंडी, सुतार, जडावाचे काम करणारे, हिशेब ठेवणारे असे कितीतरी लोक तेथे होते. काही दगडांवर पाथरवटांनी आपापल्या खुणा कोरून ठेवल्या आहेत. परंतु मुख्य इमारतीच्या आत, आपण केलेल्या कामाखाली सही करण्याचा मान फक्त एकाच माणसाला मिळाला. त्यांचे नाव अमानतखान शिराझी.

अमानतखान हे त्यांचे मूळ नाव नव्हते. त्यांचे नाव अब्दुल हक आणि वडिलांचे नाव कासिम. त्यांचे घराणे इराणातील शिराझ शहरातले, म्हणून ते शिराझी. शिराझ म्हणजे शेख सादी आणि हाफिज या थोर फार्सी कवींचे गाव. दोघांच्याही कबरी तेथेच आहेत. अशा गावातल्या मुलांच्या कानांवर लहानपणापासून कविता पडत आणि डोळ्यांपुढे सुंदर हस्ताक्षरातले ग्रंथ असत. त्या काळी इराणात छापील पुस्तके नव्हती. प्रत्येक ग्रंथ कोणीतरी हाताने लिहून काढी. त्यामुळे सुंदर लिहिणाऱ्या माणसाला, म्हणजे खुशनवीसाला, समाजात मोठा मान होता. बादशहा आणि शहजादेसुद्धा उस्तादापुढे बसून अक्षरे गिरवीत.

या मानाचे आणखी एक कारण होते. पवित्र कुराणाचा शब्द जसा उतरला तसाच, एका अक्षराचाही फरक न होता, पुढच्या पिढीला पोहोचावा ही मुसलमानांची मोठी काळजी. हे काम पाठ करणारे हाफिज करीत आणि लिहिणारे कातिब करीत. शिवाय मशिदीत माणसांची किंवा प्राण्यांची चित्रे काढीत नाहीत. मग मशिदीची भिंत सजवायची कशाने? फुलापानांच्या नक्षीने, भूमितीच्या आकृत्यांनी आणि सर्वांत अधिक अक्षरांनी. दुसऱ्या देशांत जो मान चित्रकाराला मिळे, तो येथे लिहिणाऱ्याला मिळाला. स्पेनपासून भारतापर्यंत मशिदी, मकबरे, मदरसे, तलवारी, ताटे, गालिचे अशा सर्व गोष्टींवर अक्षरे झळकू लागली.

ही कला शिकणे सोपे नव्हते. तिचे नियम काटेकोर होते. बोरूचे टोक तिरपे छाटतात. ते कागदावर टेकवून किंचित ओढले की शंकरपाळ्याच्या आकाराचा एक ठिपका उमटतो. तो नुक्ता. हा नुक्ता म्हणजे लिहिणाऱ्याची मोजपट्टी. अलिफची उंची किती नुक्ते, बेची लांबी किती नुक्ते, नूनची वाटी किती खोल, हे सर्व नुक्त्यांनी ठरते. दहाव्या शतकात बगदादमध्ये इब्न मुकला नावाचे वजीर होऊन गेले. अक्षरे अशी मापून लिहिण्याची शिस्त त्यांनी लावली असे मानतात. पुढे सहा मुख्य वळणे प्रसिद्ध झाली. त्यांपैकी नस्ख हे वळण कुराणाच्या प्रतींमुळे तुमच्या ओळखीचे आहे. तुमची उर्दू पुस्तके ज्या नस्तालीक वळणात असतात, ते नंतर इराणात तयार झाले.

सहा वळणांतले एक म्हणजे सुलुस. या शब्दाचा अर्थ एक तृतीयांश. सुलुसमधले अलिफ आणि लाम उंच, ताठ असतात आणि खालची वळणे खोल, गोल असतात. दुरून पाहिले तर उंच झाडांच्या रांगेतून नदी वळत गेल्यासारखी ही ओळ दिसते. इमारतीवर लिहायला हे वळण फार शोभते. पण लिहायला ते अवघड. त्यात हात बसायला वर्षानुवर्षे रोजचा सराव लागतो. शिष्य एकच अक्षर शेकडो वेळा लिहून उस्तादाला दाखवी. अनेक ठिकाणी अशी रीत होती, की उस्तादाने परवानगी दिल्याशिवाय शिष्याने आपल्या लेखनाखाली नाव घालायचे नाही. सही करणे म्हणजे त्या लेखनाची जबाबदारी घेणे होते.

अब्दुल हक या सुलुस वळणात तयार झाले.

त्यांना एक भाऊ होते. त्यांचे नाव शुक्रुल्ला. ते मोठे विद्वान होते, म्हणून लोक त्यांना मुल्ला शुक्रुल्ला म्हणत. त्या काळात भारतातील मोगल दरबार विद्वानांना आणि कलावंतांना उदार आश्रय देत असे. फार्सी ही दरबाराची भाषा होती. त्यामुळे इराणातले अनेक कवी, वैद्य, चित्रकार आणि खुशनवीस नशीब काढायला भारताची वाट धरीत. इ.स. १६०८ च्या सुमारास मुल्ला शुक्रुल्ला समुद्रमार्गाने सुरतेला उतरले आणि तेथून खानदेशातील बुऱ्हाणपूरला गेले. तापी नदीच्या काठी वसलेले हे शहर तेव्हा दक्षिणेच्या सुभ्याचे मुख्य ठाणे होते. तेथे अब्दुर्रहीम खानखानान राहत. हिंदी दोहे लिहिणारे रहीम कवी ते हेच. त्यांनी मुल्लांना आश्रय दिला. पुढे मुल्ला शुक्रुल्ला शहजादा खुर्रम यांच्या सेवेत गेले. हाच शहजादा नंतर शहाजहान बादशहा झाला. मुल्लांच्या चोख कामामुळे त्यांना अफजलखान हा किताब मिळाला. येथे एक गोष्ट लक्षात ठेवा. उर्दूत किताब म्हणजे पुस्तक. पण मराठीत किताब म्हणजे पदवी. उर्दूतील खिताब हा शब्दच मराठीत किताब झाला आहे.

अब्दुल हकही त्याच सुमारास भारतात आले. भाऊ राज्यकारभारात वर चढत गेले आणि अब्दुल हक आपला बोरू घेऊन कागदापुढे बसले. दोघांचे मार्ग वेगळे होते; पण प्रेम अतूट होते. अफजलखानांना मूलबाळ नव्हते. त्यांनी अब्दुल हक यांचा मुलगा इनायतुल्ला याला आपला मुलगा मानून वाढवले. पुढे हा मुलगाही अकीलखान या नावाने दरबारात नावारूपाला आला. ज्या घरात भावाचे मूल आपले होते, त्या घरातला जिव्हाळा किती असेल याची तुम्हीच कल्पना करा.

अब्दुल हक यांचे पहिले मोठे काम आजही आपण पाहू शकतो. आग्र्याजवळ सिकंदरा येथे अकबर बादशहाचा मकबरा आहे. अकबराचा मुलगा जहांगीर याच्या कारकिर्दीत तो पुरा झाला. त्याचे दक्षिणेकडचे प्रवेशद्वार फार भव्य आहे. त्यावर चार पांढरे मनोरे आहेत. या दरवाज्यावर फार्सी मजकूर लिहिण्याचे काम अब्दुल हक यांना मिळाले. हिजरी १०२२ म्हणजे इ.स. १६१३ मध्ये त्यांनी ते पुरे केले आणि खाली आपले नाव घातले. परदेशातून येऊन पाच-सहा वर्षेच झालेल्या माणसावर एवढ्या मोठ्या बादशहाच्या समाधीचा मजकूर सोपवला गेला. यावरून त्यांच्या हाताची ख्याती किती लवकर पसरली होती हे दिसते.

त्यानंतर बरीच वर्षे गेली. १६२८ मध्ये शहाजहान तख्तावर बसले. अफजलखान थोड्याच काळात साम्राज्याचे मुख्य दिवाण झाले. सर्व काही सुरळीत चालले असताना १६३१ चा जून महिना उजाडला. बादशहा दक्षिणेच्या मोहिमेसाठी बुऱ्हाणपूरला मुक्कामाला होते. बेगम मुमताजमहल त्यांच्याबरोबर होत्या. तेथे चौदाव्या अपत्याला जन्म देताना त्यांचे निधन झाले. त्यांना प्रथम तापीकाठच्या बागेत दफन करण्यात आले. सहा महिन्यांनी त्यांचे पार्थिव आग्र्याला नेले. यमुनेच्या काठी त्यांच्यासाठी मकबरा बांधायचे ठरले, आणि १६३२ च्या आरंभी कामाला सुरुवात झाली.

त्याच वर्षी, म्हणजे १६३२ मध्ये, बादशहांनी अब्दुल हक यांना अमानतखान हा किताब दिला. अमानत या शब्दाचा अर्थ तुम्हांला सांगायला नको. मराठीत आपण त्याला ठेव म्हणतो. दुसऱ्याने विश्वासाने आपल्याकडे ठेवायला दिलेली वस्तू जशीच्या तशी परत करायची असते. तिच्यातले काही घ्यायचे नाही आणि तिच्यात आपले काही मिसळायचे नाही. बादशहांनी हा शब्द कोणत्या विचाराने निवडला ते इतिहासात लिहिलेले नाही. पण यानंतर अमानतखानांनी जे काम केले, त्याला याहून चांगले नाव सापडले नसते.

ते काम कसे होते? ताजमहालाच्या मुख्य इमारतीला चार बाजूंनी चार प्रचंड कमानी आहेत. प्रत्येक कमानीभोवती अक्षरांची चौकट आहे. या चार चौकटींत मिळून सूरा यासीन पूर्ण लिहिलेली आहे. दक्षिणेच्या कमानीवर ती सुरू होते, तेथून पश्चिमेला जाते, मग उत्तरेला, आणि पूर्वेच्या कमानीवर तिचा शेवट होतो. म्हणजे ही सूरा पुरी वाचायची असेल तर वाचणाऱ्याला मकबऱ्याभोवती एक फेरी घालावी लागते. आतल्या दालनात सूरा मुल्क, सूरा फतह आणि सूरा दहर आहेत. कोठे न्यायाच्या दिवसाचे वर्णन आहे, कोठे ईश्वराच्या दयेचे, तर कोठे सज्जनांना मिळणाऱ्या बागांचे. मरणाचे दुःख, हिशेबाचा दिवस आणि क्षमेची आशा असे विचार या सर्व वचनांतून वाहतात. मकबऱ्यावर कोणती वचने यावीत हे फार विचार करून ठरवलेले दिसते. ही निवड करण्यात अमानतखानांचा मोठा वाटा असावा असे अभ्यासक मानतात.

आता त्यांच्यापुढची अडचण समजून घ्या. चौकटीची लांबी-रुंदी इमारतीच्या मापाने ठरलेली. ती एक बोटही वाढणार नाही. मजकूर पवित्र ग्रंथातला. त्यातला एक शब्द गाळता येणार नाही आणि एक शब्द वाढवताही येणार नाही. कागदावर चूक झाली तर कागद टाकून दुसरा घेता येतो. दगडात चूक झाली तर ती शेकडो वर्षे सर्वांना दिसत राहते. ठरलेल्या जागेत ठरलेला मजकूर बरोबर संपला पाहिजे. अक्षरे कोठे दाटीवाटीने बसलेली दिसू नयेत आणि कोठे विरळही दिसू नयेत. तुम्ही वहीत ओळीच्या शेवटी शब्द दाबून बसवता, तेव्हा तो कसा ओशाळा दिसतो ते आठवा. ताजमहालाच्या चौकटीत असा एकही ओशाळा शब्द नाही.

हे अमानतखानांनी कसे साधले? सुलुस वळणात शब्द एकावर एक रचता येतात. एका ओळीच्या जागेत ते दोन मजले करतात. खालच्या मजल्यावर गोल वळणे, वरच्या मजल्यावर दुसरे शब्द, आणि दोघांना भेदून उभे अलिफ आणि लाम. हे उभे दंड ठरावीक अंतरावर आल्यामुळे सगळ्या पट्टीला एक ताल येतो. कोठे ये या अक्षराची शेपटी मागे लांबवर ओढून ते मोकळी जागा भरतात. मजकुरातला शब्द बदलत नाही, फक्त त्याची बसण्याची जागा बदलते.

दुसरी अडचण उंचीची होती. एका उंच भिंतीवर तळापासून टोकापर्यंत सारख्या आकाराची अक्षरे काढा आणि पायथ्याशी उभे राहून वर पाहा. वरची अक्षरे लहान दिसतील. ताजमहालाच्या चौकटी तर फारच उंच आहेत. म्हणून तेथे अक्षरे जसजशी वर जातात तसतशी ती मोठी केलेली आहेत. खाली उभ्या असलेल्या माणसाला मात्र सगळी अक्षरे सारखीच वाटतात. डोळ्यांना फसवून डोळ्यांना खरे दाखवायचे, अशी ही युक्ती आहे. तिच्यासाठी नुसते सुंदर अक्षर पुरत नाही, गणितही यावे लागते.

यानंतर पाथरवटांचे आणि जडाव कारागिरांचे काम सुरू होई. अशा कामात खुशनवीस कागदावर मूळ आकाराची अक्षरे लिहून देई. तो कागद दगडावर ठेवून अक्षरांच्या कडा उतरवून घेत. पांढऱ्या संगमरवरात अक्षराच्या आकाराची खाच खोदत. मग काळ्या दगडाचा तुकडा त्याच आकारात कापून त्या खाचेत बसवत आणि वरून घासून गुळगुळीत करत. बोरूच्या एका फटक्यात झालेली रेघ दगडात उतरवायला एका कारागिराचे कित्येक दिवस जात. अक्षराची धार जराशी बोथट झाली किंवा वळण थोडे ढळले, तर उस्तादाची सगळी मेहनत वाया जाणार. त्यामुळे ती अक्षरे जेवढी अमानतखानांची आहेत तेवढीच त्या कारागिरांचीही आहेत. त्यांची नावे आपल्यापर्यंत आली नाहीत. पण त्यांनीही आपल्याकडे आलेली ठेव जशीच्या तशी पुढे दिली.

मकबऱ्याच्या आतल्या लेखांत अमानतखानांची सही दोनदा येते. एकीबरोबर हिजरी १०४५ म्हणजे इ.स. १६३५-३६ हे वर्ष आहे आणि दुसरीबरोबर हिजरी १०४८ म्हणजे इ.स. १६३८-३९. एवढ्या मोठ्या कामाखाली सही करतानाही त्यांनी मोठेपणाचा एक शब्द लिहिलेला नाही. वडिलांचे नाव, गावाचे नाव, स्वतःचे नाव, बादशहांनी दिलेला किताब, आणि जुन्या खुशनवीसांच्या रीतीप्रमाणे स्वतःला क्षुद्र म्हणवणारा शब्द, एवढेच त्यांनी लिहिले.

ताजमहालाचा आराखडा उस्ताद अहमद लाहोरी यांनी केला असे मानले जाते. पण त्यांचे नाव ताजमहालावर नाही. आपल्या महाराष्ट्रात छत्रपती संभाजीनगर, म्हणजे पूर्वीचे औरंगाबाद, येथे बीबी का मकबरा आहे. ताजमहालाच्या धर्तीवर बांधलेल्या या इमारतीचे शिल्पी अताउल्ला हे उस्ताद अहमद यांचे चिरंजीव. त्यांचे नाव तेथे दरवाज्यावर सापडते. म्हणजे मुलाचे नाव राहिले आणि वडिलांचे राहिले नाही. यावरून अमानतखानांना मिळालेला मान केवढा दुर्मीळ होता ते कळते. पवित्र वचने लिहिणाऱ्या हाताला दरबारात किती वरचे स्थान होते हेही कळते. ते बादशहांचे मनसबदारही होते.

कीर्तीच्या शिखरावर असताना अमानतखानांवर मोठा आघात झाला. १६३९ च्या जानेवारीत लाहोरला अफजलखानांचे निधन झाले. असे सांगतात, की इतकी वर्षे दिवाणगिरी करूनही त्यांनी बादशहांपुढे कधी कोणाची निंदा केली नाही. त्यांचे पार्थिव आग्र्याला आणले आणि यमुनेच्या पलीकडच्या काठावर, त्यांच्यासाठी बांधलेल्या मकबऱ्यात दफन केले. या मकबऱ्यावर रंगीत चिनी मातीच्या फरशा आहेत, म्हणून लोक त्याला चीनी का रौजा म्हणतात. ज्या भावाने त्यांच्या मुलाला पोटच्या मुलासारखे वाढवले, तो भाऊ गेला. ताजमहालाच्या आत दुसरी सही झाली, तिच्या आसपासच हा मृत्यू झाला. परक्या घरच्या दुःखाची अक्षरे लिहून बोरू खाली ठेवावा, तोच स्वतःच्या घरी दुःख यावे, असे हे झाले.

अमानतखानांचे मन दरबारात रमेना. त्यांनी दरबारची सेवा सोडली. मानमरातब, आग्र्याचे घर, बादशहाची मर्जी या सर्वांकडे पाठ फिरवून ते पंजाबात गेले. तेथे आग्र्याहून लाहोरला जाणाऱ्या रस्त्यावर त्यांनी एक सराई बांधली. सराई म्हणजे वाटसरूंची मुक्कामाची जागा. मराठीत आपण धर्मशाळा म्हणतो तशी. उंच तटाच्या आत चारी बाजूंनी खोल्या, मधे अंगण, नमाजासाठी मशीद आणि ये-जा करायला दोन मोठे दरवाजे. व्यापारी, सैनिक, फकीर, यात्रेकरू अशा सर्वांनी रात्री तेथे थांबावे आणि सकाळी पुढे निघावे. दरवाज्यांवर त्यांनी रंगीत फरशांची नक्षी करवली. ज्या रस्त्यावरून त्यांच्या भावाचे पार्थिव लाहोरहून आग्र्याला गेले असेल, त्याच रस्त्यावर इतरांच्या विश्रांतीची सोय त्यांनी केली.

त्या सराईच्या दरवाज्यावरचा मजकूर अमानतखानांनी स्वतः लिहिला. त्यावर हिजरी १०५० म्हणजे इ.स. १६४०-४१ हे वर्ष आहे. सिकंदऱ्याला त्यांनी एका बादशहासाठी लिहिले, ताजमहालावर एका राणीसाठी लिहिले, आणि येथे रस्त्याने जाणाऱ्या कोणाही माणसासाठी लिहिले. लेखणी तीच होती, वळण तेच होते आणि काळजीही तीच होती.

१६४४-४५ च्या सुमारास अमानतखान मरण पावले. सराईजवळच त्यांची कबर आहे. आज तेथे एक गाव वसले आहे. पंजाबातील तरनतारन जिल्ह्यातल्या त्या गावाचे नावच सराय अमानतखान आहे. मोगल साम्राज्य गेले, त्या रस्त्यावरचे घोडे आणि उंटांचे काफिले गेले, आणि १९४७ मध्ये देशाची फाळणी झाल्यावर लाहोर सीमेच्या पलीकडे राहिले. दरवाज्यांवरच्या रंगीत फरशाही बऱ्याच गळून पडल्या. पण गावाचे नाव टिकून आहे.

त्यांच्या गोष्टीचा शेवट मात्र येथे होत नाही. ताजमहालाच्या बागेत शिरताना लाल दगडाचा एक भव्य दरवाजा लागतो. त्यावरही अक्षरांच्या चौकटी आहेत आणि तेथे हिजरी १०५७ म्हणजे इ.स. १६४७-४८ हे वर्ष आहे. तोपर्यंत अमानतखानांना जाऊन दोन-तीन वर्षे झाली होती. या दरवाज्यावर कोणाची सही नाही. पण अक्षरांचे वळण आणि मांडणी आतल्या अक्षरांशी जुळते. त्यामुळे हा आराखडा त्यांनीच करून ठेवला असावा किंवा त्यांच्या हाताखाली तयार झालेल्यांनी तो पुरा केला असावा, असे अभ्यासकांना वाटते. या दरवाज्याच्या दक्षिण बाजूला सूरा फज्र आहे. तिच्या अखेरीस शांत झालेल्या आत्म्याला स्वर्गाच्या बागेत येण्याचे निमंत्रण आहे. ताजमहाल पाहायला येणारा प्रत्येक माणूस, त्याला ती लिपी येवो वा न येवो, या निमंत्रणाखालूनच आत जातो.

आज उर्दू वर्तमानपत्रे आणि पुस्तके संगणकावर तयार होतात. पूर्वी ती कातिब मंडळी हाताने लिहीत. तुमच्या आजोबांना विचारलेत तर ते त्यांच्या गावच्या एखाद्या कातिबाची आठवण सांगतील. संगणकावर उमटणारी नस्तालीक अक्षरेही आधी कोणीतरी हातानेच रेखाटलेली असतात. साधन बदलले तरी लिहिणाऱ्याचे काम तेच राहते. दुसऱ्याचा शब्द आपल्याकडे येतो तो ठेव म्हणून येतो. तो नीट, स्वच्छ आणि पुरता पुढे पोहोचवायचा असतो.

अमानतखानांनी लिहिलेला एकही शब्द त्यांचा स्वतःचा म्हणून ताजमहालावर नाही. आहे ती फक्त कोपऱ्यातली छोटीशी सही. जवळजवळ चारशे वर्षे ऊन, पाऊस आणि यमुनेवरचे धुके झेलत ती काळी अक्षरे उभी आहेत. त्यांच्याकडे आलेली अमानत त्यांनी दगडाच्या स्वाधीन केली, आणि दगडाने ती अजून सांभाळली आहे. तुम्ही कधी आग्र्याला गेलात, तर घुमट पाहून झाल्यावर दक्षिणेच्या कमानीपाशी थोडा वेळ उभे राहा. उजव्या हाताला, चौकटीच्या अगदी तळाशी नजर टाका. तेथून सूरा यासीन सुरू होते. हळूहळू नजर वर न्या आणि एक एक शब्द वाचायचा प्रयत्न करा. ही लिपी येत असल्यामुळे इतरांना न दिसणारी एक गोष्ट तुम्हांला तेथे दिसेल. इतरांना ती नक्षी वाटेल, तुम्हांला मात्र ती वाचता येईल.